पणजीचे क्वार्तेल : छावणी, कोठडी आणि ग्रंथालय

पणजीच्या आझाद मैदानाच्या पश्चिम अंगाला एका लांबलचक जुन्या वास्तूत गोवा पोलिसांचे मुख्यालय आणि इन्स्टिट्यूट मिनेझिस ब्रागांझा ही सांस्कृतिक संस्था शेजारी शेजारी नांदतात. ही वास्तू 1832च्या सुमारास पोर्तुगीज पायदळाची बराक म्हणून उभी राहिली. गोव्यात तिला क्वार्तेल म्हणत आले आहेत. सैन्यासाठी बांधलेल्या या वास्तूत पुढे पोलीस आले, विद्वत्सभा आली, ग्रंथालय आले. गोव्याच्या गेल्या दोनशे वर्षांतल्या बहुतेक मोठ्या घटनांचा या भिंतींशी कुठून ना कुठून संबंध पोचतो. एका बाजूला वाचन-संशोधनाची परंपरा आणि दुसऱ्या बाजूला राजसत्तेचा दंडा, अशी दोन्ही कामे येथे दीर्घकाळ चालली. त्यांपैकी एकच बाजू सांगणारा इतिहास अपुरा राहील.

मांडवीच्या मुखाजवळचे पणजी हे मुळात राजधानीचे ठिकाण नव्हते. पोर्तुगीजांची राजधानी नदीच्या वरच्या अंगाला, आज जुने गोवे म्हणून ओळखल्या जाणाऱ्या शहरात होती. पणजीत नदीकाठी आदिलशाही वाडा, आजूबाजूला भाताची शेते, खाजण आणि दलदल, आणि वर टेकडी, एवढाच पसारा होता. 1630च्या दशकात व्हाइसरॉय कोंद द लिन्यारिश याच्या कारकिर्दीत रायबंदर आणि पणजी यांना जोडणारा सुमारे तीन किलोमीटर लांबीचा दगडी बांध झाला आणि पणजी कोरड्या वाटेने राजधानीशी जोडली गेली. पुढे साथीच्या रोगांनी जुने गोवे ओस पडत गेले. व्हाइसरॉयने आधी पणेली गाठली आणि 1759मध्ये पणजीच्या आदिलशाही वाड्यात मुक्काम हलवला. सत्तेचे आसन आले, तरी शहर आले नव्हते. जमीन अजून पाणथळच होती.

शहर घडवण्याचे काम दों मानुएल द पोर्तुगाल इ कास्त्रो याने केले. तो 1827 ते 1835 या काळात गोव्याचा प्रमुख अधिकारी होता. आधी गव्हर्नर, मग व्हाइसरॉय. गोव्यात येण्यापूर्वी त्याने ब्राझीलमधल्या मिनास जेराइस प्रांताचा कारभार पाहिला होता. 1822मध्ये ब्राझील पोर्तुगालच्या हातून गेले, पाठोपाठ पोर्तुगालमध्ये राजघराण्यातली यादवी पेटली, आणि लिस्बनकडून गोव्याला काही मिळण्याची शक्यता उरली नाही. अशा काळात या माणसाने पणजीतली दलदल बुजवली, रस्ते आखले आणि सरकारी इमारती उभ्या केल्या. आजच्या पणजीचे सरळ रस्ते आणि चौकोनी वस्ती यांचा पाया त्याच आठ वर्षांत घातला गेला. पायदळाची बराक हे त्याच्या बांधकामांतले एक ठळक काम होय. पणजीच्या उभारणीचे श्रेय देताना मराठी वाचकांत त्याचे नाव फारसे घेतले जात नाही; ते घ्यायला हवे.

बराकीसाठी निवडलेली जागा विचारपूर्वक निवडलेली दिसते. मांडवीचा धक्का जवळ, आदिलशाही वाडा थोड्याच अंतरावर आणि समोर कवायतीला पुरेल असे मोकळे मैदान. समुद्राकडून येणारी माणसे आणि माल यांच्यावर नजर ठेवता येईल आणि गरज पडताच सरकारी वाड्यावर शिपाई पोचवता येतील, अशी ही रचना आहे. इमारत दिसायला साधी आहे. दर्शनी भाग लांब, दोन मजले, समान अंतरावरच्या खिडक्यांची रांग, उतरते कौलारू छप्पर आणि आतल्या बाजूला मोकळे आवार. गोव्यातल्या चर्चच्या दर्शनी भागांवरची कोरीव श्रीमंती येथे नाही. बराकीला तिची गरजही नव्हती. शिपायांना राहायला हवेशीर जागा, शस्त्रांना कोरडी खोली आणि हजेरीला अंगण एवढ्याच अपेक्षा होत्या. गोव्याच्या पावसाळ्यात टिकून राहणे हीच अशा बांधकामाची खरी परीक्षा, आणि ती या वास्तूने दिली आहे.

पोर्तुगीज अमलाखालच्या गोव्यात लष्कर आणि शिक्षण यांचा संबंध बराकीपेक्षा जुना आहे. 1817मध्ये गोव्यात लष्करी अकादमी सुरू झाली. अधिकाऱ्यांना गणित, तटबंदी, नकाशे काढणे, तोफखाना यांचे शिक्षण देण्यासाठी ती होती. गोव्यातले आधुनिक गणिताचे पद्धतशीर शिक्षण याच मार्गाने आले. 1841मध्ये तिचे रूपांतर गणित व लष्करी विद्यालयात झाले. या अकादमीला पुस्तके हवीत म्हणून दों मानुएल याने 15 सप्टेंबर 1832 रोजी ‘पुब्लिका लिव्रारिया’ हे ग्रंथालय स्थापन केले. आजच्या गोवा राज्य मध्यवर्ती ग्रंथालयाची ही सुरुवात. भारतातल्या सर्वांत जुन्या सार्वजनिक ग्रंथालयांत त्याची गणना होते, आणि त्याचा जन्म सैनिकी शाळेच्या गरजेतून झाला, ही गोष्ट लक्षात ठेवण्याजोगी आहे. काही वर्षांतच त्याच्या संग्रहात अनपेक्षित भर पडली. पोर्तुगालमध्ये उदारमतवादी सत्तेवर आल्यावर 1835मध्ये गोव्यातले धार्मिक संघ बरखास्त झाले आणि त्यांच्या मठांतली पुस्तके सरकारी ताब्यात आली. लॅटिन आणि पोर्तुगीज ग्रंथांचे गठ्ठे मठांतून निघून ग्रंथालयाच्या कपाटांत जाऊन बसले. 1836मध्ये ग्रंथालय नगरपालिकेच्या इमारतीत हलले. बराकीशी त्याची गाठ पडायची होती, ती सुमारे नव्वद वर्षांनी.

बराक नवी असतानाच तिच्यातल्या सैन्याने गोव्याच्या राजकारणात हात घातला. लिस्बनमधल्या उदारमतवादी सरकारने नेवरे गावच्या बेर्नार्दु पेरीश द सिल्वा या गोमंतकीयाला प्रांताचा प्रमुख म्हणून नेमले. जानेवारी 1835मध्ये त्यांनी कारभार हाती घेतला. पोर्तुगीज राजवटीच्या साडेचारशे वर्षांत गोव्याच्या सर्वोच्च पदावर बसलेले ते एकमेव गोमंतकीय. गोव्यात स्थायिक झालेल्या पोर्तुगीज वंशाच्या लष्करी अधिकाऱ्यांना एका गोमंतकीयाचा हुकूम मानणे जड गेले. 1 फेब्रुवारी 1835 रोजी लष्कराने उठाव केला आणि अवघे 17 दिवस चाललेले पेरीश यांचे सरकार उलथून पाडले. त्यांना आधी मुंबईचा आणि पुढे दमणचा आसरा घ्यावा लागला. त्याच वर्षी मे महिन्यात त्यांच्या बाजूच्या सैनिकांची गास्पार दियशच्या किल्ल्यात कत्तल झाली आणि किल्ला जाळला गेला. हा किल्ला आजच्या मिरामारच्या किनाऱ्याजवळ होता; त्याच्या भिंती आता राहिलेल्या नाहीत. या घटनेचे स्मरण पणजीत फार कमी होते. गोव्याच्या स्वशासनाची पहिली संधी परक्या सत्तेने हिरावण्याआधी तिच्याच इथल्या लष्कराने हिरावली, हे सत्य अप्रिय असले तरी नोंदवायला हवे. 1842मध्ये याच लष्कराने लोपीश द लिमा या गव्हर्नरालाही पदावरून घालवले. गव्हर्नर बदलण्याची ताकद बराकीकडे आहे, ही समजूत या काळात घट्ट झाली.

22 मार्च 1843च्या राजाज्ञेने पणजीला ‘नोव्हा गोवा’ म्हणून राजधानीच्या शहराचा दर्जा मिळाला. बराकीसमोरच्या मैदानालाही रूप आले. गोवा जिंकणाऱ्या आफोंसु द आल्बुकेर्क याचा पुतळा ठेवण्यासाठी 1840च्या दशकात तेथे एक खांबांचा मंडप उभारला गेला. त्याचे खांब जुन्या गोव्यातल्या पडक्या दोमिनिकन चर्चमधून आणलेले होते. मठ बंद पडले, त्यांची पुस्तके ग्रंथालयात गेली आणि खांब चौकात आले. जुन्या गोव्याच्या मोडतोडीतून नवी पणजी कशी उभी राहिली, याचा हा मंडप बोलका पुरावा आहे. या चौकाला आल्बुकेर्कचेच नाव होते. विजेत्याचा पुतळा आणि त्याच्या पाठीशी सशस्त्र बराक, हे दृश्य पणजीने शंभराहून अधिक वर्षे पाहिले.

या सैन्यात युरोपीय थोडेच होते. अधिकारी बहुधा पोर्तुगीज वंशाचे, तर शिपाई मोठ्या प्रमाणावर स्थानिक. अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात फोंडा, डिचोली, सत्तरी, पेडणे, सांगे, केपे, काणकोण हे प्रदेश पोर्तुगीजांच्या ताब्यात आले आणि नव्या काबिजादींमधून मराठा समाजातले तरुण शिपाईगिरीत येऊ लागले. ज्या मुलखातून हे शिपाई येत, त्याच मुलखात राणे हे सरदार घराणे आपल्या वतनी हक्कांसाठी पुन्हा पुन्हा शस्त्र उचलत होते. 1852मध्ये दीपाजी राणे यांनी सत्तरीतला नाणूसचा किल्ला घेतला आणि 1855पर्यंत पोर्तुगीजांना झुंजवले. सरकारचे शिपाई आणि सरकारशी लढणारे बंडखोर यांची गावे, नाती आणि भाषा एकच होती. ही गोष्ट सरकारला माहीत होती आणि तिची धास्तीही होती.

1871 हे वर्ष या वास्तूच्या इतिहासात दोन कारणांनी महत्त्वाचे आहे. पगार आणि बढतीविषयीचा असंतोष वाढून सप्टेंबरमध्ये वळवई आणि अन्य ठाण्यांवरच्या सैन्याने बंड केले. सुएझ कालवा दोनच वर्षांपूर्वी खुला झाला होता, त्यामुळे लिस्बनचे सैन्य आता काही आठवड्यांच्या अंतरावर आले होते. राजाचा भाऊ इन्फांत दों आउगुस्तु मोहीम घेऊन आला. गोव्याचे जुने सैन्य बरखास्त करण्यात आले आणि त्याबरोबर गणित व लष्करी विद्यालयही बंद पडले. 1835पासून सरकारे पाडणाऱ्या लष्करी वर्गाची सद्दी अशी संपली. पुढे लिस्बनहून पाठवलेली पथके, पोलीस दल आणि थोडे स्थानिक शिपाई यांच्यावर काम भागवले गेले. ज्या विद्यालयाने अर्धशतकाहून अधिक काळ गोव्याला गणितज्ञ, मोजणीदार आणि अभियंते दिले, ते लष्कराच्या पापासाठी बंद व्हावे, हे मात्र गोव्याचे नुकसानच झाले.

त्याच वर्षाच्या नोव्हेंबरमध्ये, 22 तारखेला, पणजीत ‘इन्स्तितुतु वास्को द गामा’ या संस्थेची स्थापना झाली. संस्थापक तोमाश रिबैरो हे पोर्तुगालचे नामवंत कवी आणि त्या वेळी गोवा सरकारचे सरचिटणीस होते. साहित्य, विज्ञान आणि कला यांची चर्चा करणारी विद्वत्सभा हा संस्थेचा उद्देश होता. 1872पासून तिचे मासिक निघू लागले. ते 1875पर्यंत चालले आणि त्यानंतर संस्थेचे काम थंडावले. सैन्य गेले त्याच वर्षी विद्वत्सभा आली, हा केवळ योगायोग होता. पण पुढे त्याच सैन्याच्या वास्तूत ही संस्था स्थिर झाली, म्हणून तो योगायोग या इतिहासात अर्थपूर्ण ठरतो.

बराकीतला सर्वांत मोठा उठाव मात्र अजून व्हायचा होता. 1895मध्ये मोझांबिकमध्ये गाझा राज्याचा राजा गुंगुन्यान याच्याशी पोर्तुगीजांचे युद्ध सुरू होते. त्या मोहिमेसाठी पणजीतल्या मराठा शिपायांना आफ्रिकेला जाण्याचा हुकूम सुटला. घरदार सोडून समुद्रापार जायचे, परत येण्याची शाश्वती नाही, मागे राहिलेल्या कुटुंबाच्या निर्वाहाची तजवीज नाही. शिपायांचा विरोध धार्मिक समजुतीचा होता तसाच पोटापाण्याचाही होता. समुद्र ओलांडण्याच्या भीतीवर सारा भार टाकून पोर्तुगीज अधिकाऱ्यांनी या बंडाची संभावना केली. पण दुसऱ्याच्या राज्यासाठी तिसऱ्याच्या देशात मरायला नकार देणे, हे साध्या शिपायाच्याही शहाणपणाचे लक्षण आहे. सप्टेंबर 1895च्या मध्यावर या शिपायांनी शस्त्रांसह बराक सोडली आणि सत्तरीची वाट धरली. नाणूसच्या किल्ल्यात त्यांनी ठाण मांडले. थोड्याच काळात दादा राणे त्यांना येऊन मिळाले आणि शिपायांचे बंड राण्यांच्या उठावात मिसळून गेले.

उठाव पसरला तसा सरकारचा धीर सुटला. राजधानीतल्या बराकीतले शिपाईच निघून गेल्यावर राजधानी राखायची कोणी, हा प्रश्न होता. पुन्हा लिस्बनकडे धाव घ्यावी लागली. या वेळी राजाचा भाऊ इन्फांत दों आफोंसु मोहीम घेऊन नोव्हेंबरमध्ये गोव्यात उतरला. लढाई, फितुरी, माफीची आश्वासने असे करत 1897पर्यंत हा उठाव निवला. दादा राणे यांना दूर तिमोर बेटावर हद्दपार करण्यात आले. गोव्याच्या मुक्तिसंग्रामाची कहाणी बहुधा 1946पासून सांगितली जाते. पणजीच्या बराकीतून चालत निघालेले हे अनाम मराठा शिपाई त्या कहाणीच्या आधीच्या प्रकरणात मानाने यायला हवेत. त्यांची नावे आज लोकांच्या तोंडी नाहीत, आणि त्यांच्या नावाचा फलक पणजीत असायला हवा.

विसाव्या शतकात वास्तूचा वापर पालटत गेला. 1910मध्ये पोर्तुगालमध्ये राजेशाही जाऊन प्रजासत्ताक आले. वृत्तपत्रांवरचे जुने निर्बंध सैल झाले, गोव्यातल्या हिंदूंना नागरी हक्क मिळाले, मराठी शाळा आणि वाचनालये निघू लागली. या मोकळ्या हवेत, वास्को द गामा याच्या मृत्यूला 400 वर्षे झाल्याचे निमित्त साधून 1924मध्ये ‘इन्स्तितुतु वास्को द गामा’चे पुनरुज्जीवन झाले. पुढच्या वर्षी सार्वजनिक ग्रंथालय या संस्थेला जोडण्यात आले. लष्करी अकादमीसाठी जन्मलेले ग्रंथालय अशा रीतीने बराकीच्या छपराखाली आले. 1926पासून संस्थेचे ‘बोलेतीं’ हे नियतकालिक सुरू झाले आणि ते पुढे अनेक दशके निघत राहिले. इतिहास, भाषा, लोकजीवन, वैद्यक आणि वनस्पती अशा विषयांवरचे लेख त्यात येत.

मराठी वाचकांच्या दृष्टीने ‘बोलेतीं’चे सर्वांत मोठे देणे म्हणजे पांडुरंग सखाराम पिसुर्लेकर यांचे संशोधन. 1894मध्ये सत्तरीतल्या पिसुर्ले गावी जन्मलेले पिसुर्लेकर मराठी शाळेतले शिक्षक होते. त्यांनी पोर्तुगीज भाषा आत्मसात केली आणि गोव्याच्या दप्तरखान्यातल्या पोर्तुगीज कागदांतून मराठ्यांचा इतिहास वेचायला सुरुवात केली. ‘पोर्तुगेझिश इ माराताश’ ही त्यांची लेखमाला याच नियतकालिकातून क्रमाने प्रसिद्ध झाली. शिवाजी महाराजांच्या काळापासून पेशवाईपर्यंतचे मराठे आणि पोर्तुगीज यांचे तह, लढाया, पत्रव्यवहार आणि वकिलाती त्यात अस्सल कागदांच्या आधाराने उलगडल्या आहेत. मराठ्यांच्या बाजूच्या बखरी आणि पत्रे यांना समांतर असा परक्या दप्तराचा पुरावा त्यामुळे उपलब्ध झाला. पुढे पुणे विद्यापीठाने हे संशोधन मराठीत ग्रंथरूपाने आणले. 1931पासून पिसुर्लेकर गोव्याच्या ऐतिहासिक दप्तरखान्याचे प्रमुख होते. 1895मध्ये शस्त्रे घेऊन जे शिपाई सत्तरीत गेले, त्यांच्या पश्चात तीन दशकांनी सत्तरीचाच एक मुलगा मराठ्यांचा इतिहास घेऊन याच वास्तूतल्या संस्थेच्या पानांत आला. या संस्थेने गोव्याला आणि महाराष्ट्राला जे दिले, त्यात या लेखमालेचे स्थान पहिले मानावे लागेल.

वास्तूला सौंदर्य आले ते 1935मध्ये. संस्थेच्या प्रवेशदालनाच्या भिंतींवर निळ्या रंगात चितारलेल्या चकाकत्या फरशा बसवण्यात आल्या. पोर्तुगालमध्ये या प्रकारच्या भिंतचित्रांना आझुलेजु म्हणतात. चित्रकार होते जोर्ज कोलासो. पोर्तु शहरातल्या सांव बेंतु रेल्वे स्थानकावरची त्यांची फरशीचित्रे जगप्रसिद्ध आहेत. पणजीतल्या चित्रांचा विषय कामोंइश या महाकवीच्या ‘ऊश लुझीआदश’ या काव्यातले प्रसंग हा आहे. वास्को द गामा याच्या सागरी प्रवासावरचे हे महाकाव्य 1572मध्ये प्रसिद्ध झाले आणि त्याचा कर्ता स्वतः 1553पासून काही काळ गोव्यात राहिला होता. ही चित्रे पोर्तुगीज राजवटीच्या अभिमानाची आहेत यात शंका नाही. पोर्तुगालमधल्या सालाझारच्या हुकूमशाही राजवटीला वसाहतीत हाच अभिमान मिरवायचा होता. तरीही मुक्तीनंतर ती उखडली गेली नाहीत. कलेचा उत्तम नमुना आणि इतिहासाचा कागद म्हणून ती जपली गेली. हा निर्णय ज्यांनी घेतला, त्यांनी गोव्यावर उपकार केले आहेत.

याच काळात संस्थेला पुढे ज्यांचे नाव मिळाले, ते लुईस द मिनेझिस ब्रागांझा गोव्याच्या सार्वजनिक जीवनात अग्रभागी होते. 1878मध्ये चांदर येथे जन्मलेल्या या पत्रकाराने ‘ऊ एराल्दु’ या गोव्यातल्या पहिल्या पोर्तुगीज दैनिकात लेखणी चालवली, 1911मध्ये ‘ऊ देबात’ काढले आणि 1928मध्ये ‘प्रकाश’. ख्रिस्ती जमीनदार घराण्यात जन्मूनही त्यांनी हिंदूंच्या समान हक्कांसाठी आणि मराठी शिक्षणासाठी लेखन केले. पोर्तुगालने वसाहतींना दुय्यम ठरवणारा कायदा आणला, तेव्हा 4 जुलै 1930 रोजी त्यांनी विधिमंडळात ठराव मांडून गोव्याच्या स्वयंनिर्णयाचा हक्क ठणकावून सांगितला. 10 जुलै 1938 रोजी त्यांचे निधन झाले. त्यांनी मागितलेले स्वातंत्र्य यायला आणखी तेवीस वर्षे लागली.

त्या तेवीस वर्षांत क्वार्तेल या नावाला गोव्यात वेगळाच धाक आला. वास्तूच्या एका भागात वाचक पुस्तके उलगडत असताना दुसऱ्या भागात पोलिसांचा कारभार होता आणि कोठड्या होत्या. 18 जून 1946 रोजी डॉ. राममनोहर लोहिया यांनी मडगावात सविनय कायदेभंगाचे रणशिंग फुंकले आणि धरपकडीला सुरुवात झाली. डॉ. त्रिस्तांव ब्रागांझा कुन्हा, पुरुषोत्तम काकोडकर, लक्ष्मीकांत भेंब्रे, डॉ. राम हेगडे यांना लष्करी न्यायालयाने शिक्षा ठोठावून पोर्तुगालमधल्या पेनीश किल्ल्यात धाडले. 1954-55मध्ये महाराष्ट्रातून सत्याग्रहींच्या तुकड्या गोव्यात शिरल्या. नानासाहेब गोरे, शिरुभाऊ लिमये, मधू लिमये यांना दहा-बारा वर्षांच्या शिक्षा झाल्या. सुधाताई जोशी 6 एप्रिल 1955 रोजी म्हापशात गोवा काँग्रेसच्या अधिवेशनाचे अध्यक्षपद घेऊन उभ्या राहिल्या आणि तुरुंगात गेल्या. आझाद गोमंतक दलाचे मोहन रानडे बेतीच्या पोलीस ठाण्यावरच्या हल्ल्यात जखमी होऊन पकडले गेले. गोवा मुक्त झाल्यावरही ते 1969पर्यंत पोर्तुगालच्या तुरुंगात होते. सर्वांनाच एका ठिकाणी ठेवले गेले नाही. पण अनेकांचा आग्वादच्या तुरुंगापर्यंतचा रस्ता पणजीच्या पोलीस कोठड्यांतून गेला, आणि चौकशीच्या नावाखाली झालेली मारहाण तिथल्या भिंतींनी पाहिली. स्वातंत्र्यसैनिकांच्या आठवणींत क्वार्तेलचा उल्लेख येतो तो याच संदर्भात. ग्रंथालयाच्या गौरवाबरोबर ही आठवणही या वास्तूच्या इतिहासात आलीच पाहिजे.

1961च्या डिसेंबरमध्ये भारतीय सैन्याने गोव्यात प्रवेश केला. 18 तारखेच्या संध्याकाळी सैन्य मांडवीच्या पैलतीरावर बेतीला पोचले. पणजीला जोडणारा पूल तेव्हा नव्हता. 19 डिसेंबरच्या सकाळी ब्रिगेडियर सगतसिंग यांच्या पॅराशूट ब्रिगेडचे जवान होड्यांतून नदी ओलांडून पणजीत उतरले. राजधानीत प्रतिकार झाला नाही. त्याच रात्री वास्को येथे गव्हर्नर जनरल वासालो इ सिल्वा यांनी शरणागती पत्करली. पणजीच्या बराकीसाठी एकही लढाई लढावी लागली नाही. तेथील पोर्तुगीज पोलिसांची जागा भारतीय व्यवस्थेतल्या पोलिसांनी घेतली आणि मुख्यालय तेथेच राहिले.

समोरच्या चौकाचे आझाद मैदान झाले. आल्बुकेर्कचा पुतळा जुन्या गोव्याच्या पुरातत्त्व संग्रहालयात गेला. मैदानात हुतात्मा स्मारक उभे राहिले आणि डॉ. त्रिस्तांव ब्रागांझा कुन्हा यांच्या अस्थींना तेथे चिरविश्रांती मिळाली. 1963मध्ये ‘इन्स्तितुतु वास्को द गामा’चे नाव बदलून ‘इन्स्टिट्यूट मिनेझिस ब्रागांझा’ ठेवण्यात आले. गामाच्या जागी त्याच्याच देशाच्या सत्तेला आव्हान देणाऱ्या गोमंतकीयाचे नाव येणे, हा नामांतराचा निर्णय सर्वार्थाने योग्य होता. संस्थेच्या सभागृहात मराठी, कोंकणी, पोर्तुगीज आणि इंग्रजी अशा चारही भाषांतले कार्यक्रम होऊ लागले. चित्रप्रदर्शने भरली, व्याख्याने झाली. ज्या पणजीत मराठी सभेला एके काळी परवानगी मागावी लागे, तेथे मराठी व्याख्यानाला सरकारी सभागृह मिळू लागले.

ग्रंथालय मध्यवर्ती ग्रंथालय म्हणून याच वास्तूत वाढत राहिले. जुनी पोर्तुगीज वृत्तपत्रे, मठांतून आलेले ग्रंथ, मराठी आणि कोंकणी पुस्तके यांनी जागा अपुरी पडू लागली. किनारी हवेतला दमटपणा हा जुन्या कागदाचा मोठा शत्रू, आणि बराकीच्या खोल्या ग्रंथसंग्रहासाठी बांधलेल्या नव्हत्या. 2011मध्ये पाटो येथे नवी प्रशस्त इमारत तयार झाली आणि ग्रंथालय तेथे हलले. केळशीचे सोळाव्या शतकातले लेखक कृष्णदास शामा यांचे नाव त्याला देण्यात आले. 1526मध्ये ‘श्रीकृष्णचरित्रकथा’ लिहायला घेणाऱ्या या लेखकाची आठवण राज्याच्या ग्रंथालयाने जागवली, हे उचितच झाले.

ग्रंथालय गेल्यानंतर वास्तूत पोलीस मुख्यालय आणि इन्स्टिट्यूट मिनेझिस ब्रागांझा राहिली. फरशीचित्रांचे दालन लोकांना पाहता येते. पोलिसांच्या भागातल्या जुन्या कोठड्यांचा इतिहास मात्र तेथे येणाऱ्याला कळेल अशी व्यवस्था हवी आहे. 1835चा उठाव, 1895मध्ये येथून निघालेले शिपाई, 1946नंतरचे कैदी आणि ‘बोलेतीं’चे अभ्यासक यांची माहिती देणारे कायमचे प्रदर्शन याच वास्तूत उभारावे. ज्या गोमंतकीय कुटुंबांकडे या शिपायांची, सत्याग्रहींची किंवा संस्थेच्या जुन्या सभासदांची पत्रे, छायाचित्रे आणि कागद असतील, त्यांनी ती गोव्याच्या पुराभिलेख खात्याकडे किंवा मध्यवर्ती ग्रंथालयाकडे जपण्यासाठी सोपवावीत.